देशात खून वाढले की घटले? एका आकड्याची गोष्ट

सप्टेंबर २०२५ च्या अखेरीस राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचा, म्हणजे एनसीआरबीचा, अहवाल आला आणि दोन प्रकारचे मथळे फिरू लागले. एक होता ‘देशात रोज ७६ खून’ आणि दुसरा ‘खुनांच्या संख्येत घट’. गंमत म्हणजे दोन्ही बरोबर होते. अहवालात खुनाचे २७,७२१ गुन्हे होते. त्याला ३६५ ने भागलं की ७६ येतात. आदल्या वर्षी हाच आकडा २८,५२२ होता, म्हणजे घटही २.८ टक्क्यांची झालीच. पहिला मथळा वाचणारा दाराला दुहेरी कडी लावून झोपला असेल आणि दुसरा वाचणारा पान उलटून पुढे गेला असेल.

दोन्ही मथळ्यांत एक गोष्ट मात्र राहून गेली. हा अहवाल २०२३ सालचा होता. आपण ज्याला ताजी बातमी म्हणून वाचत होतो, ती जवळजवळ दोन वर्षं शिळी होती.

खुनाचा आकडा दिसतो साधा. माणूस मेला, कुणीतरी मारला, एक मोजा. प्रत्यक्षात तो इतक्या हातांतून जातो की आपल्यापर्यंत येताना त्याचा अर्थ थोडा बदललेला असतो. तो कसा बदलतो हे कळलं की मथळ्यांची भीतीही जाते आणि त्यांनी दिलेला खोटा दिलासाही.

मृतदेहापासून रकान्यापर्यंत

समजा शेतातल्या विहिरीत एक मृतदेह सापडला. पोलीस लगेच खून म्हणून लिहीत नाहीत. आधी ‘अकस्मात मृत्यू’ अशी नोंद होते, पंचनामा होतो, शवविच्छेदन होतं. डोक्यावरची जखम विहिरीत पडण्याआधीची आहे, असं डॉक्टरांनी लिहिलं तर खुनाचा गुन्हा दाखल होतो. लिहिलं नाही, किंवा पुढे कुणी विचारलंच नाही, तर तो मृत्यू अकस्मातच राहतो आणि खुनाच्या आकड्यात कधीच येत नाही.

दाखल झालेले गुन्हे ठाण्यातून जिल्ह्याकडे, जिल्ह्याकडून राज्याकडे आणि राज्याकडून दिल्लीला जातात. देशभरातल्या गुन्ह्यांचा असा वार्षिक अहवाल १९५३ पासून निघतो. एनसीआरबी स्थापन झाली ती बरीच नंतर, १९८६ मध्ये.

इथे मोजायचं एकक आहे ‘गुन्हा’. एका घरात एका रात्री पाच जणांना मारलं तर गुन्ह्यांच्या रकान्यात एकच भर पडते. बळींची संख्या शेजारच्या वेगळ्या रकान्यात असते आणि ती नेहमी थोडी मोठी असते. मथळ्यात येतो तो बहुतेक वेळा गुन्ह्यांचा आकडा, आणि आपण वाचतो माणसांचा म्हणून. शिवाय ही झाली नोंद, निकाल नव्हे. खुनाच्या ज्या खटल्यांचा निकाल लागतो, त्यांतल्या जेमतेम चाळीस-पंचेचाळीस टक्क्यांत दोष सिद्ध होतो.

एका घटनेत तीन गुन्हे घडले तर?

दरोडेखोर घरात शिरले, ऐवज लुटला आणि जाताना घरमालकाला ठार केलं. हा घरफोडीत मोजायचा, दरोड्यात की खुनात? त्यासाठी एक नियम आहे, प्रमुख गुन्ह्याचा नियम. एका फिर्यादीत कितीही कलमं असली तरी मोजणीत सगळ्यांत गंभीर कलम तेवढं धरायचं. इथे हा गुन्हा खुनात जातो आणि दरोड्याच्या रकान्यातून गायब होतो.

या नियमाने खुनाचं नुकसान होत नाही, कारण तो जवळजवळ शिखरावरच बसलेला आहे. नुकसान खालच्या गुन्ह्यांचं होतं. बलात्कार करून खून केला असेल तर तो गुन्हा बलात्काराच्या एकूण आकड्यात दिसत नाही. अलीकडे अहवालात अशा गुन्ह्यांसाठी वेगळी ओळ असते, पण ती कोष्टकात खाली शोधावी लागते आणि मथळा लिहिणारा बहुधा तिथवर पोचत नाही.

कुठला मृत्यू कुठल्या घरात

माणसाच्या हातून माणूस मेला म्हणजे कायद्याच्या भाषेत खून झालाच असं नाही. ठार मारण्याचा हेतू नव्हता, पण अशा कृत्याने माणूस मरू शकतो हे माहीत होतं, तर तो सदोष मनुष्यवध होऊ शकतो. बेदरकार गाडी चालवून कुणाला चिरडलं तर निष्काळजीपणामुळे झालेला मृत्यू. त्याचे आकडे खुनाच्या कितीतरी पट आहेत आणि त्यांत मोठा वाटा रस्त्यांवरच्या अपघातांचा आहे.

मला सगळ्यांत जास्त खटकतो तो हुंडाबळीचा रकाना. लग्नानंतर सात वर्षांच्या आत बाईचा अनैसर्गिक मृत्यू झाला आणि त्याआधी हुंड्यासाठी छळ झाल्याचं दिसलं, तर वेगळं कलम लागतं. २०२२ मध्ये असे ६,४५० गुन्हे नोंदले गेले. खुनाच्या २८,५२२ मध्ये ते नाहीत. ते जोडले तर बेरीज पस्तीस हजारांजवळ जाते. पण सरसकट जोडणंही चुकीचं ठरेल, कारण यांतल्या काही जणींनी छळाला कंटाळून स्वतःचा जीव घेतलेला असतो. म्हणून बेरीज न करता दोन्ही आकडे शेजारी ठेवून वाचलेले बरे. ‘देशातले खून’ असं म्हणताना या बायका मोजणीबाहेर राहतात, एवढं तरी त्यामुळे ध्यानात राहील.

ज्याला रकाना नसतो ते तर दिसतच नाही. जमावाने ठेचून मारण्याच्या घटनांची माहिती २०१७ च्या अहवालासाठी मागवली होती, पण अहवाल दोन वर्षांनी आला तेव्हा ते कोष्टक त्यात नव्हतं. माहिती भरवशाची नव्हती, असं कारण देण्यात आलं. अशा घटनांतले मृत्यू बहुधा खुनाच्या एकूण आकड्यात मिसळलेले असतात. फक्त ते वेगळे काढता येत नाहीत.

संख्या आणि दर

आता वाढ-घटीकडे येऊ. १९५३ मध्ये देशात सुमारे ९,८०० खून नोंदले गेले होते. २०२३ मध्ये २७,७२१. म्हणजे जवळजवळ तिप्पट. पण १९५३ मध्ये देशाची लोकसंख्या चाळीस कोटींच्याही आत होती.

दोन वर्गांत नापास झालेल्यांची तुलना करताना आपण पटावर किती मुलं आहेत ते आधी विचारतो. वीसपैकी पाच आणि शंभरपैकी दहा यांत कुठला वर्ग कच्चा, हे लगेच कळतं. गुन्ह्यांचा ‘दर’ तेवढाच असतो, दर एक लाख लोकसंख्येमागे किती. या मापाने १९५३ चा दर अडीचच्या आसपास येतो आणि २०२३ चा दोनच्या. तिप्पट वाटणारी वाढ ही प्रत्यक्षात घट निघते.

राज्यांची यादी वाचतानाही हीच चाळणी लावावी. २०२२ मध्ये सर्वाधिक खून उत्तर प्रदेशात झाले, ३,४९१. त्यानंतर बिहार २,९३० आणि महाराष्ट्र २,२९५. ‘महाराष्ट्र तिसरा’ हा मथळा त्यातूनच निघाला. पण महाराष्ट्राचा दर होता १.८, उत्तर प्रदेशाचा १.५, आणि देशाचा २.१. ज्याचा दर खरोखर वर होता ते झारखंड संख्येच्या यादीत पहिल्या पाचातही नव्हतं. तिथे लाखामागे ४ खून होते.

अर्थात दरही आंधळेपणाने वापरायचा नसतो. १९९८ मध्ये व्हॅटिकनमध्ये पोपचं रक्षण करणाऱ्या स्विस गार्ड या दलाचा सेनापती आणि त्याची पत्नी यांना गोळ्या घालून मारण्यात आलं. हजारभरही वस्ती नसलेल्या त्या देशाचा त्या वर्षीचा खुनाचा दर लाखामागे दोनशेच्या वर गेला. जगातला सगळ्यांत धोकादायक देश! छोट्या लोकसंख्येत एखादी घटना दराला उड्या मारायला लावते, म्हणून लहान राज्यांचा आणि जिल्ह्यांचा दर एका वर्षावरून वाचू नये.

भारतापुरती एक अडचण आणखी आहे. दर काढायला खाली भागायला लोकसंख्या लागते, आणि २०२१ ची जनगणना झालेलीच नाही. त्यामुळे भाजक येतो तो २०११ च्या जनगणनेवरून बांधलेल्या अंदाजातून. देशपातळीवर त्याने फार बिघडत नाही. मात्र जिथे कामासाठी लाखो लोक येऊन राहिलेत त्या शहरांच्या दराबद्दल सावध असावं.

सत्तर वर्षांचा आलेख

आलेख काढला तर तो डोंगरासारखा दिसतो. पन्नाशीच्या दशकात पायथा, मग चढण, सत्तर आणि ऐंशीच्या दशकांत चढण तीव्र होते आणि १९९२ मध्ये शिखर येतं. त्या वर्षी ४०,१०५ खून नोंदले गेले, लाखामागे ४.६. तिथून उतार सुरू होतो. २००१ मध्ये ३६,२०२, २०१२ मध्ये ३४,४३४ आणि २०१६ मध्ये ३०,४५०. नंतरची काही वर्षं आकडा एकोणतीस हजारांच्या आगेमागे घुटमळत राहिला आणि आता थोडा आणखी खाली आलाय.

१९९२ मध्ये एखाद्याचा खून होण्याची जितकी शक्यता होती, तिच्या निम्म्याहूनही कमी शक्यता २०२३ मध्ये होती. ही गेल्या तीस वर्षांतल्या मोठ्या सामाजिक बदलांपैकी एक गोष्ट आहे आणि मी ती कुठल्याही पक्षाच्या प्रचारात ऐकलेली नाही. विरोधकांच्या कामाची ती नाही हे उघड आहे. सत्ताधाऱ्यांच्याही कामाची नसावी, कारण उतार सगळ्यांच्याच राजवटीत चालू राहिला.

हे का झालं, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. नव्वदच्या सुरुवातीला पंजाब आणि काश्मीर पेटलेले होते, त्याने शिखर उंचावलं हे खरं. पण पंजाब शांत झाल्यानंतरही उतार थांबला नाही. दुसरं कारण वयाचं. जगात सगळीकडे खून करणारे आणि खून होणारे बहुतांशी तरुण पुरुष असतात. कुटुंबं लहान झाली, समाजाचं सरासरी वय वाढलं की हा गट प्रमाणात आक्रसतो. पण आपल्याकडे घट सुरू झाली तेव्हा देश अजून पुरता तरुण होता, म्हणून हे कारणही एकटं पुरत नाही.

‘पोलीस आकडे दडपतात, मग विश्वास कसा ठेवायचा?’

शंका रास्त आहे. गुन्हा दाखल करून घेत नाहीत ही तक्रार इतकी जुनी आहे की दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद घेणं बंधनकारक आहे, असं सर्वोच्च न्यायालयाला २०१३ मध्ये ललिता कुमारी प्रकरणात स्पष्ट सांगावं लागलं. चोरी, विनयभंग, कौटुंबिक मारहाण यांच्या आकड्यांवर मी स्वतः फार भिस्त ठेवत नाही. तिथे आकडा वाढला तर गुन्हे वाढले की तक्रार करायचं धाडस वाढलं, हेच कळत नाही.

खुनाचं वेगळं आहे. इथे मृतदेह असतो, नातेवाईक असतात, डॉक्टरचा कागद असतो. दडपता येतो, पण प्रत्येक वेळी आणि सगळीकडे नाही. म्हणूनच जगभर हिंसाचाराची तुलना करताना अभ्यासक आधी खुनाचा आकडा धरतात.

एकूण गुन्ह्यांचा आकडा किती फसवा असतो ते २०२० ने दाखवलं. टाळेबंदीच्या त्या वर्षी देशातले एकूण गुन्हे २८ टक्क्यांनी वाढले! लोक घरात कोंडलेले असताना? वाढ झाली ती मुख्यतः कलम १८८ मुळे, म्हणजे सरकारी आदेश मोडल्याच्या गुन्ह्यांमुळे. आदल्या वर्षी ते तीस हजारांच्या आत होते, त्या वर्षी सहा लाखांवर गेले. खून मात्र २८,९१५ वरून २९,१९३ वर, म्हणजे एका टक्क्याने हलले. रस्ते ओस पडले तरी खून घटले नाहीत, यात एक उत्तर दडलंय. खुनांचा मोठा हिस्सा अनोळखी गुंड करत नाहीत. २०२२ च्या नोंदींत ९,९६२ खून वादातून झाले होते आणि ३,७६१ वैयक्तिक वैमनस्यातून. पैसा किंवा लाभासाठी झालेले होते १,८८४. जमिनीचा बांध, घरातली भांडणं, जुनं वैर यांना टाळेबंदी लागू होत नाही.

‘माणसं सुधारली, की डॉक्टर?’

मला सगळ्यांत अवघड वाटणारी शंका ही. पोटात सुरा खुपसलेला माणूस १९७५ मध्ये बैलगाडीतून तालुक्याला नेईपर्यंत मरत असे. आज रुग्णवाहिका येते, रक्त मिळतं, तो वाचतो. हल्ला तोच, पण कागदावर खुनाऐवजी ‘खुनाचा प्रयत्न’ लिहिलं जातं. अमेरिकेतल्या काही संशोधकांनी २००२ मध्ये असा हिशोब मांडला होता की, वैद्यकीय सेवा १९६० च्या पातळीवर राहिली असती तर तिथले खून कित्येक पट दिसले असते. त्यांच्या हिशोबावर वाद झाला, पण मुद्दा निकालात निघाला नाही.

आपल्याकडे खुनाच्या प्रयत्नाचे गुन्हे २०१२ मध्ये पस्तीस हजारांच्या आसपास होते. दहा वर्षांत ते पन्नास हजारांच्या पुढे गेले, त्याच काळात खून घटले. हे पाहून ‘माणसं तेवढीच हिंसक आहेत, फक्त वाचताहेत’ असं म्हणायचा मोह होतो. पण हाणामारीच्या साध्या प्रकरणातही जामीन मिळू नये म्हणून हे कलम लावून घेण्याचा आग्रह धरला जातो, हे कोर्टाच्या आवारात कुणालाही विचारा. मृतदेहाचा पुरावा खुनाला असतो, प्रयत्नाला नसतो. माझ्या मते डॉक्टरांना श्रेयाचा काही वाटा नक्की जातो, पण दर निम्म्यावर आला त्याचं सगळं श्रेय त्यांना देता येणार नाही.

‘बाकीच्या देशांच्या तुलनेत आपण कुठे?’

संयुक्त राष्ट्रांच्या अंदाजाने २०२१ मध्ये जगात सुमारे ४ लाख ५८ हजार माणसं हेतुपुरस्सर मारली गेली, लाखामागे ५.८. त्या मानाने भारत बराच खाली आहे. अमेरिकेचा दर २०२२ मध्ये सहाच्या वर होता. दक्षिण आफ्रिकेत २०२२-२३ मध्ये २७,४९४ खून झाले, म्हणजे जवळजवळ भारताएवढे, आणि तो देश आहे सहा कोटींचा.

पण दोन देशांचे आकडे शेजारी ठेवताना दोघांची फूटपट्टी एकच आहे का ते पाहावं. जपानी पोलिसांच्या खुनाच्या आकड्यात खुनाचे प्रयत्नही धरलेले असतात. अमेरिकेत ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यातले बळी एफबीआयच्या खुनांच्या नेहमीच्या आकड्यांत नाहीत. इंग्लंड आणि वेल्समध्ये २००२-०३ साली खून एकदम वर गेलेले दिसतात. झालं असं होतं की हॅरोल्ड शिपमन नावाच्या डॉक्टरने वर्षानुवर्षं आपलेच रुग्ण मारल्याचं चौकशीत उघड झालं आणि त्याचे १७२ बळी त्या एका वर्षाच्या नोंदीत आले. घटना जुन्या, नोंद नवी. त्या वर्षी इंग्लंडच्या रस्त्यांवर काहीच वेगळं घडलेलं नव्हतं.

मध्य अमेरिकेतल्या एल साल्वादोरचं उदाहरण तर वादाचंच आहे. २०१५ मध्ये तिथे लाखामागे शंभरावर खून होत होते. मार्च २०२२ मध्ये आणीबाणी लागली, हजारो लोक तुरुंगात गेले आणि २०२४ मध्ये सरकारने दर १.९ सांगितला. घट खरी आहे, रस्त्यावरचे लोकही तेच सांगतात. पण पोलिसांच्या गोळीने मेलेले संशयित आणि गुप्तपणे पुरलेले मृतदेह सरकार या मोजणीत धरत नाही, हा आक्षेपही तेवढाच खरा आहे.

‘मग रोज बातम्यांत खूनच का दिसतात?’

कारण ७६ हा आकडा एका वाहिनीला पुरून उरतो. तीस वर्षांपूर्वी रोज सुमारे ११० खून होत होते, पण दुसऱ्या राज्यातला खून कळायला दुसऱ्या दिवशीच्या पेपरात चार ओळींची जागा मिळावी लागे. आज त्यातला एखादा सीसीटीव्हीत सापडतो आणि संध्याकाळपर्यंत प्रत्येक फोनवर पोचतो. आपण पाहतो तो कॅमेऱ्यात सापडलेला खून. मोजणीतला सरासरी खून आहे बांधावरून कोयता काढल्याचा, आणि तो तालुक्याच्या पानापलीकडे जात नाही.

पुढचे आकडे वाचताना

१ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. त्यामुळे २०२४ च्या नोंदी वर्षाच्या मध्यात दुभंगलेल्या आहेत. आधी घडलेल्या खुनाला जुनं कलम ३०२, नंतरच्या खुनाला नवं कलम १०३. जात, समुदाय, भाषा अशा कारणावरून पाच किंवा अधिक जणांनी मिळून केलेल्या खुनाला आता याच कलमात स्वतंत्र पोटकलम आहे. म्हणजे २०१७ च्या अहवालात जमावाच्या खुनांचं जे कोष्टक छापलं गेलं नाही, ते पुन्हा भरायची सोय निदान कायद्यात तरी झाली आहे. लोकांच्या तोंडी मात्र अजून ‘त्याच्यावर तीनशे दोन लागलाय’ हेच आहे. नव्या संहितेत ३०२ हे कलम धार्मिक भावना दुखावणाऱ्या शब्दांसाठी आहे.